माझे आवडते मल्ल : खाशाबा जाधव

यंदा जत्रेच्या मैदानात माझी कुस्ती झटक्यात गेली. पोरं हसली. मी तालमीत जायचंच बंद केलं. तेव्हा आजोबांनी मला खाशाबांची गोष्ट सांगितली. तीच इथे लिहितो.

खाशाबांचा जन्म १५ जानेवारी १९२६ रोजी कराडजवळच्या गोळेश्वर गावी झाला. वडील दादासाहेब हेही पैलवान. ज्या शाहू महाराजांनी आपले राधानगरी धरण बांधायला घेतले, त्यांनीच कोल्हापुरात खासबाग मैदान बांधले. त्या कोल्हापुरात खाशाबा राजाराम कॉलेजात शिकले.

१९४८ साली ते कोल्हापूरच्या महाराजांच्या मदतीने लंडन ऑलिंपिकला गेले. आपली कुस्ती मातीतली, तिथे गादी! तरी सहावा नंबर आला.

१९५२ साली हेलसिंकीला जायला पैसे नव्हते. गावकऱ्यांनी वर्गणी काढली. प्राचार्य खर्डेकरांनी तर घर गहाण टाकून ७,००० रुपये दिले. खाशाबांनी ब्राँझपदक आणले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक! १५१ बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. पण खाशाबा कर्ज विसरले नाहीत. कुस्त्यांची मैदाने भरवून त्यांनी सरांचे घर सोडवले.

१९५५ साली ते फौजदार झाले. पोलीस खात्यात खेळाचे शिक्षक म्हणूनही त्यांनी काम केले. १४ ऑगस्ट १९८४ रोजी अपघातात ते वारले. अर्जुन पुरस्कार मिळाला, तोही मरणानंतर.

लंडनला पदक हुकलं म्हणून खाशाबा घरी बसले असते, तर? मित्रांनो, सोमवारपासून मी पुन्हा तालमीत जाणार आहे.