तेजोमेघांची नोंद ठेवणारी कॅरोलाइन हर्शेल

आमच्या शाळेचे वर्ष पौर्णिमांनी बांधलेले आहे. वैशाखी, आषाढी, आश्विनी अशा एकेका पौर्णिमेला वंदना होते, खीरदान होते आणि मुले चांदण्यात उशिरापर्यंत जागतात. आकाशदर्शनाचा कार्यक्रम मात्र आम्हांला अमावास्येच्या आसपासच ठेवावा लागतो, कारण ज्या अंधूक वस्तू दाखवावयाच्या असतात त्या चंद्रप्रकाशात दिसेनाशा होतात. गतवर्षी कार्तिक अमावास्येला वसतिगृहाच्या गच्चीवरून दक्षिण आकाशातील एक लांबट, फिकट डाग दुर्बिणीतून मुलांना दाखविला. शिल्पकार नावाच्या मंद तारकासमूहातील ही दीर्घिका असून नोंदवहीतील तिचा क्रमांक एन.जी.सी. २५३ असा आहे. सातवीतील एका मुलीने विचारले की हा डाग सर्वांत आधी कोणी पाहिला. आम्ही नाव सांगितले, कॅरोलाइन हर्शेल, आणि विल्यम हर्शेल यांची बहीण एवढीच ओळख जोडली. त्या रात्री खोलीवर परतल्यावर आमचेच आम्हांला ते उत्तर फार तोकडे वाटले. इतिहासाच्या अध्यापकाने एखाद्या स्त्रीची ओळख केवळ भावाच्या नावाने करून द्यावी हे बरे नव्हे. स्मरणिकेच्या निमित्ताने ती उणीव भरून काढीत आहोत.

कॅरोलाइनचा जन्म जर्मनीतील हॅनोव्हर येथे १६ मार्च १७५० रोजी झाला. वडील आयझॅक हे लष्करी वाद्यवृंदात ओबो हे सुषिरवाद्य वाजवीत. घरात मुले पुष्कळ आणि पैसा थोडा. मुलग्यांना वडिलांनी संगीत शिकविले, रात्री घरात गणित आणि तत्त्वज्ञान यांवर वाद रंगत. कॅरोलाइन अंथरुणात पडून ते ऐकत असे. आई ॲना हिला लिहिता-वाचता येत नव्हते. मुलीने घरकामापुरते शिकावे, त्याहून अधिक नाही, हा तिचा कटाक्ष होता. आई घरात नसेल तेव्हा वडील मुलीला चोरून थोडे व्हायोलिन शिकवीत. एकदा थंडीच्या रात्री त्यांनी तिला रस्त्यावर नेऊन तारकासमूह आणि त्या वेळी दिसत असलेला एक धूमकेतू दाखविला होता.

या आईला खलनायिका ठरविणे सोपे आहे, परंतु आम्हांला तसे करावेसे वाटत नाही. शिकलेले मुलगे परदेशी निघून गेले हे तिने डोळ्यांनी पाहिले होते. विद्येने माणूस घरापासून तुटतो, हा तिने अनुभवातून काढलेला निष्कर्ष होता. चूक अशी की त्या निष्कर्षाची किंमत तिने मुलीकडून वसूल केली. शिवणकाम, विणकाम, धुणे, भांडी हेच कॅरोलाइनच्या वाट्याला आले. तरीही अक्षरओळखीपुरते शिक्षण मिळालेच होते आणि त्याचा उपयोग विलक्षण झाला. युद्धाच्या काळात वडील छावणीत असता आईची पत्रे तीच लिही. एवढेच नव्हे, तर शेजारच्या गरीब शिपायांच्या बायकाही नवऱ्यांना पत्र लिहून घेण्यासाठी या मुलीकडे येत. पुढे आयुष्यभर दुसऱ्यासाठी लेखणी चालविणाऱ्या स्त्रीची ही पहिली उमेदवारी होय.

तिसऱ्या वर्षी देवी आल्या आणि चेहऱ्यावर व्रण राहिले. दहाव्या वर्षाच्या सुमारास विषमज्वरासारख्या एका जीवघेण्या तापाने उंची कायमची खुंटली, ती सव्वाचार फुटांच्या पुढे गेलीच नाही. रूप नाही, हुंडा नाही, तेव्हा लग्नाची आशा धरू नकोस, असे वडिलांनीच तिला बजावले होते. १७६७ मध्ये ते वारले. आता थोरल्या भावांच्या संसारात मोलकरणीची जागा एवढेच भविष्य उरले होते.

तिचा भाऊ विल्यम १७५७ साली इंग्लंडला गेला होता आणि बाथ या शहरात संगीतकार म्हणून स्थिरावला होता. १७७२ मध्ये तो बहिणीला घेऊन जाण्यास आला. आई सहज राजी होईना. अखेर कॅरोलाइनच्या जागी घरकामाला बाई ठेवता यावी म्हणून विल्यमने आईला वार्षिक रक्कम बांधून दिली, तेव्हा कुठे परवानगी मिळाली. बावीस वर्षांच्या मुलीची सुटका मोलकरणीच्या पगाराच्या हिशेबाने झाली. चरित्रकार हा तपशील ओझरता सांगून पुढे जातात, आम्हांला तेथे थांबावेसे वाटते.

बाथमध्ये तिने इंग्रजी, हिशेब आणि गायन शिकण्यास आरंभ केला. विल्यम न्याहारीच्या वेळी गणिताचे धडे देई. पाढे तिला कधीच पाठ झाले नाहीत, ती त्यांचा कागद जवळ बाळगीत असे. (गणितात मागे पडलेल्या आमच्या विद्यार्थ्यांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी, पुढे याच बाईंनी हजारो ताऱ्यांची स्थाने गणिताने काढली.) गायनात मात्र ती पाच-सहा वर्षांत मुख्य गायिका झाली आणि बर्मिंगहॅमच्या संगीतमहोत्सवाचे निमंत्रणही आले. भावाच्या संचालनाखेरीज आपण गाणार नाही, म्हणून तिने ते नाकारले. हा निर्णय आम्हांला आजही खटकतो. स्वतःच्या कमाईचे दार उघडले असता तिने ते आपल्या हाताने लावून घेतले.

तोवर विल्यमला दुर्बिणीचे वेड लागले होते. तांबे आणि कथील यांच्या मिश्रधातूचे आरसे तो घरीच ओतू व घासू लागला. साच्यासाठी घोड्याची लीद कुटून चाळावी लागे. त्या कामात कॅरोलाइनचाही हात असे. आरशाला झिलई देताना हात थांबविता येत नसे. एकदा विल्यम सलग सोळा तास बसला होता, तेव्हा तिने त्याला घास भरविले. १३ मार्च १७८१ रोजी त्याला युरेनस हा ग्रह सापडला आणि सारे पालटले. राजा तिसरा जॉर्ज याने वर्षाला २०० पौंडांचे वेतन दिले. १७८२ मध्ये बहीणभाऊ विंडसरजवळील डॅचेट या गावी राहावयास गेले. गायनाचा अध्याय संपला, तो संपविताना कॅरोलाइनचे मत कोणी विचारले असेल असे दिसत नाही.

येथपासून आम्ही त्यांना कॅरोलाइनबाई म्हणतो. भावाने हातात एक लहान दुर्बीण देऊन आकाश झाडून काढण्याचे, म्हणजे पट्ट्यापट्ट्याने पाहत जाण्याचे, काम सांगितले. आरंभी दव पडलेल्या गवतावर एकटीने रात्र काढणे त्यांना नकोसे होई. परंतु १७८३ हे वर्ष त्यांचे ठरले. २६ फेब्रुवारीच्या रात्री व्याध ताऱ्याच्या पूर्वेस, बृहल्लुब्धक तारकासमूहात, त्यांना एक तारकागुच्छ दिसला. तो कोणत्याही यादीत नव्हता. आज तो एन.जी.सी. २३६० म्हणून ओळखला जातो. त्याच वर्षी शर्मिष्ठेतील एन.जी.सी. ७७८९ हा दाट तारकागुच्छ सापडला, देवयानी दीर्घिकेची एक सहचर दीर्घिका त्यांनी स्वतंत्रपणे टिपली आणि २३ सप्टेंबरला आरंभी सांगितलेला तो लांबट डाग पाहिला. डॅचेटहून तो क्षितिजापासून जेमतेम १३ अंश वर येतो. आमच्या गच्चीवरून तोच सुमारे ४५ अंशांवर चढतो. त्या धुक्याच्या देशात, चारेक इंचांच्या आरशातून, क्षितिजालगतचा हा डाग त्यांनी हेरला, यावरून नजरेची तयारी कळावी.

त्या काळी या वस्तूंविषयी फारसे कोणास ठाऊक नव्हते. फ्रान्समधील शार्ल मेसिये यांनी शंभरावर अशा डागांची यादी १७८१ पर्यंत केली होती. ती प्रामुख्याने धूमकेतू शोधताना फसगत होऊ नये म्हणून. धूमकेतू दिवसागणिक जागा बदलतो, हे डाग बदलत नाहीत. प्रत्यक्षात त्या एकाच यादीत अगदी भिन्न गोष्टी मिसळल्या होत्या. काही तारकागुच्छ होते, म्हणजे एकाच वायुमेघातून जन्मलेल्या आणि गुरुत्वाकर्षणाने एकत्र राहिलेल्या ताऱ्यांचे समूह. शर्मिष्ठेतील गुच्छाचे वय दीड अब्ज वर्षांच्या घरात आहे. काही खरेखुरे वायूचे मेघ होते. आणि काही स्वतंत्र दीर्घिका होत्या. एन.जी.सी. २५३ चे अंतर एक कोटी प्रकाशवर्षांहून अधिक आहे. हा भेद निर्विवाद सिद्ध होण्यास विसाव्या शतकाचे तिसरे दशक उजाडावे लागले. पण भेद करण्याआधी मोजदाद हवी, आणि एका लहान दुर्बिणीने इतके नवे डाग सापडतात हे पाहूनच विल्यम यांनी १७८३ च्या ऑक्टोबरात वीस फुटी दुर्बिणीने सर्व आकाशाचा धांडोळा घेण्यास प्रारंभ केला.

या कामाची रीत समजून घेतली म्हणजे कॅरोलाइनबाईंचे स्थान समजते. अंधूक वस्तू पाहण्यासाठी डोळा अंधाराला सरावलेला हवा. पाहणाऱ्याने दर वेळी दिवा लावून नोंद लिहावयाची म्हटले तर तो सराव मोडतो आणि पुन्हा बराच वेळ वाया जातो. म्हणून विल्यम दुर्बिणीशी उभे राहून दिसेल ते मोठ्याने सांगत. कॅरोलाइनबाई खिडकीपाशी दिवा, घड्याळ आणि फ्लॅमस्टीड यांचा ताराकोश घेऊन बसत, वेळ व कोन टिपत, ऐकलेले पुन्हा म्हणून दाखवीत. दुसऱ्या दिवशी स्थाने गणिताने काढणे आणि सारे स्वच्छ उतरविणे हेही त्यांच्याकडेच. दोन दशकांत २५०० तेजोमेघ आणि तारकागुच्छ नोंदले गेले. तीन याद्या १७८६, १७८९ आणि १८०२ मध्ये विल्यम यांच्या नावे प्रसिद्ध झाल्या. डोळा एकाचा होता. हात, कान आणि गणित दुसरीचे. आणि भाऊ घरी असेल त्या निरभ्र रात्री त्यांना स्वतःची दुर्बीण बाजूला ठेवावी लागे, हेही नोंदविले पाहिजे.

१७८३ च्या शेवटच्या रात्री बर्फ पडलेले होते. विल्यम यांनी घाईने काही करावयास सांगितले. धावताना बर्फाखाली दडलेला दुर्बिणीच्या चौकटीचा लोखंडी आकडा बाईंच्या उजव्या मांडीत घुसला. सोडविताना मांसाचा तुकडा त्या आकड्यालाच राहिला. पुढे त्यांनी आठवणींत याचे समाधान मानले की उरलेली रात्र ढगाळ होती, त्यामुळे निरीक्षणाचे नुकसान झाले नाही. पुष्कळांना यात निष्ठा दिसते. आम्हांला यात हेही दिसते की आपल्या देहाची किंमत कामापेक्षा कमी धरण्याची सवय बालपणीच त्यांच्या अंगी मुरविली गेली होती.

१७८६ च्या ऑगस्टमध्ये विल्यम जर्मनीत असता त्यांनी स्लाऊ येथील नव्या घरातून आपला पहिला धूमकेतू शोधला, दुसऱ्या रात्री त्याची हालचाल पक्की केली आणि तत्काळ रॉयल सोसायटीच्या सचिवांस कळविले. १७९७ पर्यंत असे आठ धूमकेतू त्यांनी पाहिले. शेवटच्या वेळी पत्रावर विसंबून न राहता, तासभर झोप घेऊन त्या घोड्यावर बसल्या आणि वीस मैलांहून अधिक अंतर कापून ग्रिनिचला राजज्योतिषी मॅस्केलिन यांच्याकडे गेल्या. १७८७ मध्ये भावाची साहाय्यक म्हणून त्यांना वर्षाला ५० पौंडांचे राजवेतन मंजूर झाले. वैज्ञानिक कामासाठी वेतन मिळालेली स्त्री इंग्लंडने तोवर पाहिली नव्हती. पहिला हप्ता हाती आला तेव्हा त्या सदतीस वर्षांच्या होत्या. स्वतःच्या मर्जीने खर्च करता येईल असा पैसा आयुष्यात प्रथमच मिळाला, असे त्यांनी लिहून ठेवले आहे.

१७८८ मध्ये विल्यम यांचे लग्न झाले. कॅरोलाइनबाईंना घराचा कारभार सोडून वेगळे बिऱ्हाड करावे लागले. त्यानंतरच्या दहा वर्षांच्या रोजनिशी त्यांनी पुढे स्वतःच नष्ट केल्या. मनातील कडवटपणा मागे राहू नये हा हेतू असावा, असा सर्वसाधारण तर्क आहे. इतिहासाच्या विद्यार्थ्यांना ही हानी सोसवत नाही, पण तो अधिकार त्यांचाच होता. त्या दशकातील त्यांचे काम मात्र शाबूत आहे. फ्लॅमस्टीड यांच्या ताराकोशातील चुका शोधून, मूळ निरीक्षणांशी ताडून त्यांनी सूची तयार केली आणि राहून गेलेले साडेपाचशेहून अधिक तारे त्यात आणले. रॉयल सोसायटीने ती १७९८ मध्ये प्रसिद्ध केली. ज्या सोसायटीचे सभासदत्व स्त्रीला मिळत नव्हते तिने स्त्रीचा ग्रंथ छापला.

ऑगस्ट १८२२ मध्ये विल्यम वारले. शोकाच्या भरात बाई हॅनोव्हरला परतल्या आणि पुढे त्याचा त्यांना पश्चात्ताप झाला. तेथे घरांच्या गर्दीत आकाश नीट दिसत नसे. तेव्हा सत्तरी ओलांडलेल्या या बाईंनी त्या २५०० वस्तूंची यादी नव्याने, आकाशाच्या पट्ट्यांप्रमाणे मांडली, जेणेकरून भाचा जॉन हर्शेल याला त्या पुन्हा तपासता याव्यात. या कामासाठी १८२८ मध्ये रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीने त्यांना सुवर्णपदक दिले. ते पदक पुन्हा एका स्त्रीला, व्हेरा रुबिन यांना, मिळाले ते १९९६ मध्ये. १८३५ मध्ये मेरी सॉमरव्हिल यांच्यासह त्या सोसायटीच्या सन्माननीय सभासद झाल्या. ९६ व्या वाढदिवशी प्रशियाच्या राजाचे सुवर्णपदकही आले. जॉन यांनी त्या यादीत भर घालून १८६४ मध्ये पाच हजारांवर वस्तूंची सूची केली. तीवरून ड्रेयर यांनी १८८८ मध्ये जी सूची रचली तिचेच आद्याक्षरी नाव एन.जी.सी. हे होय. आमच्या गच्चीवर आम्ही जो क्रमांक उच्चारतो तो असा पिढ्यापिढ्यांतून आला.

९ जानेवारी १८४८ रोजी, ९७ व्या वर्षी, कॅरोलाइनबाईंचे हॅनोव्हर येथे निधन झाले. त्यांच्या इच्छेनुसार शवपेटीत दोन वस्तू ठेवल्या होत्या: भावाच्या केसांची एक बट आणि वडिलांनी वापरलेले एक जुने पंचांग.

यंदाच्या कार्तिक अमावास्येला दुर्बिणीशी एक मुलगी आणि वहीशी दुसरी अशा जोड्या बसविण्याचे ठरविले आहे. टॉर्चला लाल जिलेटिनचा कागद गुंडाळावा लागेल, तो आणून ठेवला आहे. दर अर्ध्या तासाने जागा बदलावयाच्या, आणि नोंदीखाली दोघींनीही सही करावयाची.