बस आली आणि प्रेक्षक दचकले

रात्रीची निर्मनुष्य वाट. एक तरुणी झपझप चालली आहे. मागून येणारा टाचांचा टकटक आवाज एकाएकी थांबतो. ती घाबरून पळू लागते आणि कानाशीच एखादे श्वापद फिस्कारल्यासारखा आवाज येतो. पाहावे तर समोर येऊन थांबलेली बस! १९४२च्या ‘कॅट पीपल’मधला हा प्रसंग. त्यामागे डोके होते व्हॅल ल्यूटन आणि त्याच्या साथीदारांचे. असे दचकवण्याच्या युक्तीला ते पुढे ‘बस’च म्हणू लागले.

ल्यूटनचा जन्म १९०४ साली याल्टा इथला. लहानपणीच तो आईबरोबर अमेरिकेत गेला. कादंबऱ्या लिहिल्या, निर्माते सेल्झनिक यांच्याकडे कथाविभाग सांभाळला. १९४२ मध्ये आरकेओ स्टुडिओने त्याच्याकडे भयपटांचा विभाग सोपवला. अटी अशा की खर्च दीड लाख डॉलरच्या आत, लांबी ७५ मिनिटांपर्यंत आणि चित्रपटाचे नाव साहेब लोक ठरवणार. राक्षस उभा करायला पैसेच नव्हते. मग त्याने अंधार, सावल्या आणि शांतता वापरली.

यातले विज्ञान गमतीचे आहे. अनपेक्षित मोठा आवाज झाला की पापण्या मिटतात, मान आखडते, खांदे वर जातात. ही प्रतिक्षिप्त क्रिया मेंदूच्या खोडातून होते. विचार करायला सवडच मिळत नाही. पण मेंदूतले अमिग्डाला हे बदामाच्या आकाराचे केंद्र आधीच सावध असेल, तर तोच आवाज कितीतरी जास्त हादरवतो. आधीच्या भीतीने दचकणे वाढते, हे उंदरांवरील प्रयोगात १९५१ मध्ये दाखवले गेले. ल्यूटनने ते नऊ वर्षे आधी थिएटरात करून दाखवले होते. आजचे भयपट नुसता आवाज वाढवतात; त्यांचा धक्का पार्किंगपर्यंतही टिकत नाही.

साथीदारांच्या पटकथांवर शेवटचा हात ल्यूटनच फिरवायचा, बहुधा नाव न लावता. कार्लोस कीथ या टोपणनावाने त्याने दोनच पटकथांचे श्रेय घेतले आणि दोन्ही वैद्यकाशी निगडित. ‘द बॉडी स्नॅचर’मध्ये शरीररचना शिकवण्यासाठी प्रेते चोरणारे एडिंबरो आहे. ‘बेडलम’मध्ये १७६१चे लंडनचे वेड्यांचे इस्पितळ आहे, पैसे देऊन रुग्णांना बघायला लोक तिथे येत. या चित्रपटात भुतेखेते नाहीत. भीती वाटते ती शहाण्यांची.

१९४६चा ‘बेडलम’ चालला नाही आणि आरकेओशी संबंध संपला. पुढे तो स्टुडिओ बदलत राहिला. चाळिशीतच हृदयविकाराने त्याला गाठले होते. मार्च १९५१ मध्ये त्याच आजाराने तो गेला, तेव्हा वय होते अवघे ४६.