मॅक्स बॉर्न : नोकरी हिसकावली, इल्म नाही

मॅक्स बॉर्न यांचा जन्म 11 डिसेंबर 1882 रोजी जर्मनीतल्या ब्रेस्लाऊ शहरात ज्यू घराण्यात झाला. आईचा इंतकाल लहानपणीच झाला. 1921 मध्ये ते गटिंगेन विद्यापीठात प्राध्यापक झाले. अणूतला इलेक्ट्रॉन नेमका कुठे सापडेल हे ठामपणे सांगता येत नाही, फक्त त्याची शक्यता गणिताने काढता येते, हे त्यांनी 1926 मध्ये मांडलं.

1933 मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि केवळ ज्यू म्हणून पन्नाशीतल्या या उस्तादाची नोकरी गेली. बायको-मुलांसह वतन सोडून ते इंग्लंडला गेले. 1935 मध्ये सी. व्ही. रामन यांनी त्यांना बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत बोलावलं. रामन यांना ते कायमचे हवे होते, पण संस्थेतूनच विरोध झाला. शेवटी 1936 मध्ये एडिनबरा विद्यापीठाने त्यांना प्राध्यापक केलं.

अणुबॉम्बच्या कामापासून ते लांबच राहिले. 1926 च्या त्या कामाचं नोबेल मिळालं ते 1954 मध्ये! 5 जानेवारी 1970 रोजी गटिंगेनमध्येच त्यांचं निधन झालं.

आपल्या वाळूजमध्ये कंपनीतली नोकरी कधी जाईल, याची धास्ती कित्येक घरांत असते. पालकहो, अशा वेळीसुद्धा मुलामुलींची शाळा तेवढी सुटू देऊ नका.