रत्नागिरीचे हेडमास्तर भांडारकर

शाळेत लॅटिन किंवा संस्कृत शिकून मुलांना काय मिळणार, असे आम्हा पालकांत नेहमी बोलले जाते. आमच्याकडची जुनी माणसे लॅटिन प्रार्थना तोंडपाठ म्हणत, पण अर्थ थोड्यांनाच कळे. म्हणून रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांची आम्हाला आठवण होते.

त्यांचा जन्म ६ जुलै १८३७ रोजी मालवणला झाला. वडील सरकारी कारकून होते. रत्नागिरीच्या शाळेत शिकून रामकृष्ण मुंबईला गेले आणि १८६२ मध्ये मुंबई विद्यापीठाचे पहिले पदवीधर जे झाले, त्यांत तेही होते. १८६५ मध्ये ते रत्नागिरी हायस्कूलचे हेडमास्तर झाले.

त्या काळी संस्कृत शिकायचे म्हणजे पाठशाळेत वर्षानुवर्षे घोकायचे. भांडारकरांनी हायस्कूलच्या मुलांसाठी दोन सोपी पुस्तके लिहिली. थोडे व्याकरण, लगेच वाक्ये आणि भाषांतर, अशी त्यांची रीत. कित्येक पिढ्या त्यांवर शिकल्या.

विधवाविवाह शास्त्राला मान्य नाही, असे लोक म्हणत. भांडारकरांना मूळ ग्रंथ स्वतः वाचता येत होते. लोकांचा रोष पत्करून १८९१ मध्ये त्यांनी आपल्या विधवा मुलीचे लग्न लावून दिले. २४ ऑगस्ट १९२५ रोजी त्यांचे निधन झाले.

जुनी भाषा नुसती पाठ केली, तर आपण दुसऱ्याच्या सांगण्यावर राहतो. ती समजली, तर स्वतः वाचून खरेखोटे पारखता येते. आपल्या मुलांना लॅटिन मिळो वा संस्कृत, ती समजेल अशी शिकवू या.