फुटलेली मडकी आणि एक कलावती

गिरडच्या टेकडीवर नारळा-जायफळासारखे गोल दगड विखुरलेले आढळतात. फेरीवाल्यांनी ख्वाजा शेख फरीद यांची थट्टा केली आणि त्यांचा सारा माल दगड होऊन पडला, अशी दंतकथा आहे. ती खरी मानायची की नाही, हे ज्याचे त्याने ठरवावे. पण त्या दर्ग्याची वाट हिंदू आणि मुसलमान दोघेही चढतात, हे तर आपण डोळ्यांनी पाहतो. ही सोबतच मोडली तर माणसाचे काय होते? हा प्रश्न मुंबईच्या एका कलावतीने आयुष्याच्या अखेरच्या सात वर्षांत ध्यास घेऊन विचारला. तिचे नाव रुम्माना हुसेन.

त्यांचा जन्म १९५२ साली बंगलोरला झाला. कलेचे शिक्षण इंग्लंडमध्ये झाले. प्रारंभी त्या तैलरंगात चित्रे काढीत. डिसेंबर १९९२ मध्ये बाबरी मशीद पाडली गेली, मुंबईत दंगली उसळल्या. केवळ नावामुळे त्यांच्या कुटुंबाला काही काळ घर सोडावे लागले. आजवर जी ओळख त्यांनी कधी मिरवली नव्हती, ती इतरांनी त्यांच्यावर लादली. त्यांनी मग कुंचला बाजूला ठेवला आणि मडकी, गेरू, नीळ, आरसे हाती घेतले. १९९४ च्या त्यांच्या कलाकृतींत दुभंगलेली मडकी दिसतात. आपल्याकडे मडके फुटणे म्हणजे देह संपणे. त्यांच्या अर्ध्या मडक्यात देह दिसतो, तसा कोसळलेला घुमटही दिसतो.

पुढे त्यांनी स्वतःचे शरीरच कलेचे माध्यम केले. १९९५ साली मुंबईच्या एन. सी. पी. ए.च्या आवारात, पायांत घुंगरू बांधून, हाती चिरलेली पपई घेऊन त्या फिरल्या. तोंड उघडे होते, पण आवाज नव्हता. ती निःशब्द किंकाळी पाहणाऱ्यांना अस्वस्थ करून गेली. १९९७ मध्ये त्यांनी, १८५७ च्या संग्रामात लढलेल्या अवधच्या बेगम हजरत महल यांची कबर मांडणशिल्पातून उभी केली. इतिहासाने दूर ठेवलेल्या स्त्रीला त्यांनी असे आपलेसे केले.

याच काळात त्यांना कर्करोगाने ग्रासले. दुभंग आता समाजात होता, तसा देहातही. पण त्यांनी आजार लपविला नाही. १९९८ मध्ये मुसलमान स्त्रीविषयीचे लोकांचे आडाखे त्यांनी प्रश्नांच्या रूपाने प्रेक्षकांपुढे ठेवले, आणि शस्त्रक्रियेच्या खुणाही दाखविल्या. इस्पितळ आणि दर्गा यांना एकाच दालनात आणणारी त्यांची अखेरची कलाकृती १९९९ साली ऑस्ट्रेलियात ब्रिस्बेन येथे मांडली गेली. त्याच वर्षी जुलैमध्ये त्यांचे निधन झाले.

सुंदर वस्तू घडविणे एवढेच कलेचे काम, असे आपण वर्गात सहज बोलून जातो. रुम्माना हुसेन यांनी फुटलेले तुकडे सांधून लपविले नाहीत. ते सर्वांसमोर मांडले. जखम दिसली तरच तिच्यावर फुंकर घालता येते. गिरडची टेकडी चढणारा नवस बोलतो, तोही आधी आपले दुखणे उघड करूनच.