पॅप टेस्टमागचे डॉ. पापानिकोलाउ, आणि ही तपासणी किती वर्षांनी करायची?

तुमच्या रिपोर्टवरच्या ‘पॅप स्मिअर’मधलं ‘पॅप’ हे एका डॉक्टरांच्या आडनावाचं छोटं रूप आहे. जॉर्ज पापानिकोलाउ यांचा जन्म १८८३ साली ग्रीसमधल्या किमी गावात झाला. १९१३ मध्ये ते पत्नी मेरी यांच्यासह न्यूयॉर्कला आले. सुरुवातीला पोटासाठी त्यांनी गालिचे विकले, मेरींनी दुकानात बटणं शिवली.

पुढे कॉर्नेल वैद्यकीय महाविद्यालयात ते गिनिपिगच्या योनिमार्गातल्या पेशी सूक्ष्मदर्शकाखाली पाहू लागले. मग स्त्रियांच्या पेशी अभ्यासायच्या ठरल्या, तेव्हा मेरी पुढे आल्या. त्या त्यांच्याच प्रयोगशाळेत काम करत. वर्षानुवर्षं त्यांनी स्वतःचे नमुने दिले. तपासणीच्या नावात त्या कुठेच नाहीत, याची मला चुटपुट लागते.

अशा नमुन्यात कर्करोगाच्या पेशी ओळखता येतात, हे पापानिकोलाउंनी १९२८ मध्ये मांडलं. फारसं कुणी मनावर घेतलं नाही. स्त्रीरोगतज्ज्ञ डॉ. हर्बर्ट ट्रॉट यांच्याबरोबर त्यांनी १९४१ मध्ये लेख आणि १९४३ मध्ये पुस्तक काढलं, त्यानंतर तपासणी रुजली. १९६२ मध्ये ते वारले. या कर्करोगामागे एचपीव्ही विषाणू असतो, हे त्यानंतर कळलं.

संसर्गापासून कर्करोग होईपर्यंत बहुधा १५ ते २० वर्षं जातात. आधी पेशी बदलतात आणि त्या टप्प्यावर साध्या उपचारांनी पुढचा आजार टळतो. म्हणून दरवर्षी तपासणी लागत नाही, पण एकदा नॉर्मल आली म्हणून कायमची सोडूनही चालत नाही, कारण एखाद्या वेळी बदललेल्या पेशी नमुन्यात येतच नाहीत. पॅप साधारण दर ३ वर्षांनी, एचपीव्ही तपासणी तिशीनंतर दर ५ वर्षांनी. आपल्या सरकारी कार्यक्रमात ३० ते ६५ वयात दर ५ वर्षांनी गर्भाशयमुखाला सौम्य ॲसिटिक आम्ल लावून पाहतात. एचआयव्ही असेल किंवा आधीचा रिपोर्ट बिघडलेला असेल, तर अंतर कमी ठेवावं लागतं. ते डॉक्टरांकडून ठरवून घ्या. एचपीव्हीची लस घेतली असली तरी तपासणी करायचीच.

हे वेळापत्रक त्रास नसलेल्यांसाठी आहे. संबंधांनंतर किंवा पाळी कायमची थांबल्यावर रक्त गेलं, तर पुढच्या तारखेची वाट पाहू नका, त्याच आठवड्यात दाखवा.