बाळू पालवणकर : मैदान मिळाले, कर्णधारपद नाही

नाशिक जिल्ह्यातील येवले येथे १३ ऑक्टोबर १९३५ रोजी भरलेल्या परिषदेत डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी हिंदू धर्माचा त्याग करण्याचा निर्धार जाहीर केला. या निर्धारामागे नाशिकचाच कडवट अनुभव होता. काळाराम मंदिराचे दार अस्पृश्यांसाठी उघडावे म्हणून २ मार्च १९३० रोजी सत्याग्रह सुरू झाला. अनेक वर्षे लाठ्या, दगड आणि तुरुंगवास सोसूनही दार उघडले नाही आणि अखेर १९३४ मध्ये आंबेडकरांनीच तो थांबविण्याचा सल्ला दिला. येवल्याच्या घोषणेने देशभर खळबळ उडाली. ती मान्य नसणाऱ्यांत सनातनी मंडळी होती, तसेच अस्पृश्य समाजातील काही पुढारीही होते. त्यांपैकी एक होते मुंबईचे बाळू पालवणकर. एकेकाळी तरुण आंबेडकरांना ज्यांचा मोठा अभिमान वाटत असे, ते हे क्रिकेटपटू. आपल्या समाजाने हिंदू धर्मातच राहून हक्क मिळवावेत, असे मत त्यांनी का बाळगले, याचे बरेचसे उत्तर त्यांच्या खेळातील कारकिर्दीत सापडते.

बाळू यांचा जन्म १८७५-७६ च्या सुमारास धारवाडला एका चर्मकार कुटुंबात झाला. कोकणातील पालवण या गावावरून त्यांचे आडनाव आले. वडील लष्करात नोकरीला असल्याने हे कुटुंब पुण्यात आले आणि बाळू, शिवराम, गणपत व विठ्ठल हे चारही भाऊ छावणीच्या परिसरात क्रिकेट शिकले. गोऱ्या अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या बॅटी आणि चेंडू हेच त्यांचे पहिले साहित्य. चौघेही पुढे नामवंत खेळाडू झाले.

बाळू यांच्यासाठी मात्र क्रिकेट ही आधी चाकरी होती. पुण्यात पारशी मंडळींच्या एका क्लबात खेळपट्टी झाडणे आणि तिच्यावर रूळ फिरविणे या कामाचे त्यांना महिना तीन रुपये मिळत. १८९२ मध्ये ते गोऱ्यांच्या पूना क्लबात लागले आणि पगार चार रुपये झाला. येथे रूळ फिरविणे, रेषा आखणे, जाळ्या उभारणे ही कामे होतीच. त्यांत आणखी एकाची भर पडली. सभासदांच्या सरावासाठी गोलंदाजी करणे. मंद गतीने डाव्या हाताने टाकलेले बाळू यांचे चेंडू साहेबांना चकवू लागले. त्या काळातील उत्तम फलंदाज कॅप्टन जे. जी. ग्रेग इतरांच्या आधी मैदानावर येत आणि बाळू यांच्या गोलंदाजीवर सराव करीत. आपल्याला बाद केल्यास दर वेळी आठ आणे देण्याचे ग्रेग यांनी कबूल केले होते, अशी आख्यायिका आहे. रोज तासन् तास एकाच टप्प्यावर चेंडू टाकण्याच्या या सवयीतून बाळू यांचे नियंत्रण घडले. उंची, वेग आणि फिरक बदलत राहण्याची कलाही त्यांनी येथेच कमावली. फलंदाजीचा सराव मात्र त्यांना या क्लबात मिळाला नाही. ती सभासदांची मिरासदारी होती.

पुण्यातील हिंदूंचा क्लब गोऱ्यांना हरविण्याची स्वप्ने पाहत होता. ग्रेगसारख्या फलंदाजाला सतावणारा गोलंदाज आपल्याच शहरात आहे हे त्यांना ठाऊक होते. त्याची जात आड येत होती. बराच वाद होऊन अखेर बाळू यांना संघात घेण्यात आले. संघ जिंकू लागला. सातारच्या युरोपियन संघाविरुद्ध सात बळी घेऊन बाळू यांनी विजय मिळवून दिल्यावर तर पुण्यात त्यांचे कौतुक झाले. मैदानावर सवर्ण खेळाडू त्यांनी हाताळलेला चेंडू हातात घेत असत. चहापानाची वेळ झाली की सहकारी पॅव्हेलियनमध्ये जात आणि बाळू यांना बाहेरच मातीच्या भांड्यात चहा मिळे. ते भांडे नंतर फेकून दिले जाई. हात-तोंड धुण्यासाठी पाणी देण्यास अस्पृश्य नोकरच लागे. जेवणही वेगळे असे. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी याबद्दल खेळाडूंचे कान उपटले. ज्याच्याबरोबर खेळता येते त्याच्याबरोबर चहा घेण्यास हरकत कसली, असा त्यांचा सवाल होता. हळूहळू बंधने थोडी सैल झाली. प्रत्येक विजयाबरोबर एक अंतर कमी होते, हा अनुभव बाळू यांच्या मनात येथेच रुजला असावा.

१८९६-९७ मध्ये पुण्यात प्लेगने थैमान घातले आणि बाळू मुंबईला आले. येथेही हिंदू जिमखान्यात त्यांच्या प्रवेशाला काही सभासदांचा विरोध होता. पण चांगल्या गोलंदाजाची गरज विरोधापेक्षा मोठी ठरली. पुढे बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया रेल्वेत त्यांना नोकरी मिळाली आणि ते तिच्या संघातूनही खेळू लागले. फेब्रुवारी १९०६ मध्ये मुंबईत हिंदू आणि युरोपियन यांच्यात झालेल्या सामन्याने त्यांचे नाव सर्वदूर पोहोचले. हिंदूंनी हा सामना १०९ धावांनी जिंकला. वंगभंगाच्या चळवळीने देश ढवळून निघाला होता. राज्यकर्त्यांना त्यांच्याच खेळात हरविल्याचा आनंद मैदानापुरता राहिला नाही. त्या संघात बाळू आणि शिवराम हे दोघे भाऊ होते. सवर्णांनी अस्पृश्यांना बरोबर घेतले म्हणून हा विजय शक्य झाला, असे समाजसुधारकांनी आवर्जून सांगितले.

१९११ मध्ये पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग यांच्या नेतृत्वाखाली पहिला प्रातिनिधिक भारतीय संघ इंग्लंडला गेला. हिंदू, मुसलमान आणि पारशी अशा तिन्ही समाजांतून हा संघ निवडण्यात आला होता. दौरा एकंदरीत फसला. २३ सामन्यांपैकी १५ मध्ये पराभव झाला. बाळू पस्तिशीला आले होते आणि त्यांचा खांदा दुखत होता. तरीही त्यांनी दौऱ्यात ११४ बळी घेतले. त्यांपैकी ७५ प्रथम श्रेणीच्या सामन्यांतील होते. इंग्लंडच्या जाणकारांनीही त्यांची गणना उत्तम गोलंदाजांत केली. परतल्यावर मुंबईत अस्पृश्य समाजाने त्यांचा जाहीर सत्कार केला. त्या वेळी एल्फिन्स्टन कॉलेजात शिकणाऱ्या भीमराव आंबेडकर यांचा या सत्कारात पुढाकार होता आणि मानपत्र त्यांनीच लिहिले होते, असे सांगितले जाते.

एवढे होऊनही एक गोष्ट बाळू यांच्या वाट्याला आली नाही, ती म्हणजे हिंदू संघाचे कर्णधारपद. अनुभव आणि कामगिरी या दोन्ही बाबतींत त्यांच्या तोडीचा खेळाडू संघात नव्हता. वर्षामागून वर्षे गेली. निवड समिती दरवर्षी सवर्ण खेळाडूचेच नाव पुढे करीत राहिली. त्यांपैकी एम. डी. पै यांनी तर हा मान आपल्याऐवजी बाळू यांना मिळायला हवा होता, असे जाहीरपणे मान्य केले. १९२० मध्ये प्रकरण हातघाईवर आले. चौरंगी स्पर्धेसाठी बाळू यांना वगळण्यात आले आणि पै आजारी असताना दि. ब. देवधर यांच्याकडे नेतृत्व सोपविण्यात आले. शिवराम आणि विठ्ठल यांनी निषेध म्हणून संघातून अंग काढून घेतले आणि जातीमुळे होणाऱ्या अन्यायाविषयी निवेदन प्रसिद्ध केले. असहकाराचे आणि अस्पृश्यता निवारणाचे वारे वाहू लागले होते. लोकमत भावांच्या बाजूने झुकले. अखेर तडजोड झाली. पै कर्णधार म्हणून परतले आणि बाळू यांना उपकर्णधार करण्यात आले. अंतिम सामन्यात पै काही काळ मैदानाबाहेर गेले आणि तेवढ्यापुरते नेतृत्व बाळू यांच्याकडे आले. पंचवीस वर्षे संघासाठी राबलेल्या गोलंदाजाला एवढाच मान मिळाला. १९२३ मध्ये विठ्ठल कर्णधार झाले. त्यांच्या संघाने स्पर्धा जिंकली तेव्हा चाहत्यांनी त्यांना खांद्यावर उचलून घेतले. थोरल्या भावाने नांगरलेल्या शेताचे पीक धाकट्याच्या हाती आले.

या अनुभवाचे दोन अर्थ लावता येतात. एक असा, की चिकाटीने आणि गुणवत्तेने सवर्णांचे मन वळविता येते. दुसरा असा, की सर्वोत्तम माणसालाही न्याय मिळण्यास पंचवीस वर्षे लागतात आणि तोही अपुराच मिळतो. बाळू यांनी पहिला अर्थ स्वीकारला. आंबेडकरांनी काळाराम मंदिराच्या बंद दारासमोर दुसरा. १९३२ मध्ये अस्पृश्यांसाठी स्वतंत्र मतदारसंघ जाहीर झाले तेव्हा बाळू यांनी मद्रासचे एम. सी. राजा यांच्याप्रमाणे संयुक्त मतदारसंघांची बाजू घेतली. गांधीजींच्या उपोषणानंतर २४ सप्टेंबर १९३२ रोजी झालेल्या पुणे करारावर आंबेडकर आणि बाळू या दोघांच्याही सह्या आहेत. तीन वर्षांनी येवल्याची घोषणा झाली आणि दोघांच्या वाटा पुरत्या वेगळ्या झाल्या.

१९३७ च्या प्रांतिक निवडणुकीत काँग्रेसने मुंबईत आंबेडकरांविरुद्ध बाळू यांनाच उभे केले. ज्याचा सत्कार केला तो क्रिकेटपटू आणि ज्याने सत्कार केला तो विद्यार्थी आता समोरासमोर होते. आंबेडकरांना १३,२४५ मते मिळाली, तर बाळू यांना ११,२२५. पराभव झाला, तरी मते थोडी नव्हती. त्यानंतर बाळू राजकारणात फारसे दिसले नाहीत.

प्रथम श्रेणीच्या ३३ सामन्यांत बाळू यांनी १७९ बळी घेतले, तेही प्रत्येकी पंधरा धावांच्या आसपास सरासरीने. भारताने पहिला कसोटी सामना १९३२ मध्ये खेळला. तोवर त्यांचे वय पन्नाशी ओलांडून गेले होते. त्यामुळे कसोटीपटूंच्या यादीत त्यांचे नाव नाही आणि पुढच्या पिढ्या त्यांना जवळजवळ विसरल्या. इतिहासकार रामचंद्र गुहा यांच्या २००२ मधील ग्रंथामुळे त्यांची कहाणी पुन्हा वाचकांसमोर आली.

४ जुलै १९५५ रोजी मुंबईत बाळू पालवणकर यांचे निधन झाले. त्याआधी महिनाभर, १ जूनला, अस्पृश्यता गुन्हे कायदा देशात लागू झाला होता. मंदिराचे दार अडविणे आणि उपाहारगृहातील भांडी वापरण्यास अस्पृश्यतेच्या कारणावरून मनाई करणे हा त्या दिवसापासून गुन्हा ठरला. पुण्याच्या मैदानावर फेकून दिल्या जाणाऱ्या मातीच्या भांड्यातून चहा पिणाऱ्या या खेळाडूने तेवढे पाहिले. पुढच्या वर्षी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, येवल्याचा निर्धार नागपुरात प्रत्यक्षात आला. तो पाहण्यास बाळू हयात नव्हते.